मेंढरांचा समुद्र

आधी खालाचं सांगते, मग बाकीचं.

माझी लेक आज माझ्यासमोर बसून, मान वर करून, तांब्याभर पाणी गटागटा पिते, ते खालामुळं. खाला म्हणजे मावशी, पण ती आमच्या नात्यातली नाही. बजाजनगरात आम्ही पत्र्याच्या ज्या खोल्यांत भाड्यानं राहायचो, तिथं शेवटच्या खोलीत ती आणि तिचा मुलगा राहायचे. मुलगा वाळूजच्या एका कंपनीत, आमचे हे दुसऱ्या कंपनीत. खाला मूळची औरंगाबादच्या जुन्या शहरातली, पाणचक्कीच्या अंगाची. मी कंधारच्या पलीकडची, मेंढरांमागं वाढलेली. तिला मराठी पूर्ण कळायची, पण बोलायची ती तिच्याच बोलीत. मला तिचं सुरुवातीला अर्धंच कळायचं. त्यात मी सहावीतून शाळा सोडलेली, त्यामुळं न कळलेलं पुन्हा विचारायची लाज वाटायची, मी नुसती मान हलवायची. ते तिनं बरोबर ओळखलं. म्हणाली, "समझा नै तो मुंडी नक्को हिला गे. पूछ."

माहेर इतकं लांब, की वर्षातून एकदा एसटीनं जाणं व्हायचं. अशा परक्या गावात "पूछ" म्हणणारं एक माणूस भेटलं, एवढ्यानंच मी तिची झाले होते. पुढं तिनं जे केलं ते याहून फार मोठं आहे. ते कसं फेडायचं हे मला ठाऊक आहे आणि तरीही अजून फेडलेलं नाही. का, ते शेवटी सांगते.

समुद्र मी अजून पाहिलेला नाही. माझ्या वडलांनी, आबांनीही, पाहिला नव्हता. पण आबांचा स्वतःचा एक समुद्र होता आणि तो आमच्या पायाखाली होता.

पावसाळा सरला की आम्ही मेंढरं घेऊन निघायचो. ज्याच्या रानात कळप बसवायचा, त्याच्या रानाला खत मिळायचं आणि आम्हाला दाणे. त्या रानांत विहिरी असायच्या, पण एकीलाही कठडा नाही. आबांचा धाकटा भाऊ लहानपणी अशाच एका विहिरीत गेला होता. हे मला आईनं सांगितलं. आबा त्या भावाबद्दल अवाक्षर बोलायचे नाहीत. ते बोलायचे समुद्राबद्दल.

या काळ्या खडकाखाली समुद्र आहे, असं ते सांगायचे. त्याला आभाळ नाही, खडकाचं छत आहे, आणि त्या छताला आपल्या झाडांची मुळं लोंबत असतात. तिथं सूर्य नाही, चंद्र नाही. उजेड आहे तो आपल्याच चुलींचा. आपण चुलीत पाणी ओतलं की विस्तव दिसेनासा होतो, पण मरत नाही. झिरपत झिरपत तो खाली जातो आणि त्या समुद्रावर लाल दिवा होऊन तरंगत राहतो. म्हणून आमच्या तळावर चूल कधी पाण्यानं विझवायची नाही, माती टाकायची. ही रीत आबांच्या आधीपासूनची होती. कारण मात्र आबांनीच जोडलेलं असणार.

त्या समुद्राच्या लाटा म्हणजे मेंढरं. पांढरी, ओली, अंगाला अंग घासत चाललेली. त्यांना पाय नाहीत, म्हणून थांबता येत नाही. त्यांच्यामागं एक राखण्या चालतो. खांद्यावर घोंगडं, आणि ते घोंगडं कायम निथळत असतं. त्याचं तोंड कुणी पाहिलेलं नाही, कारण तो मान खाली घालून सारखा मेंढरं मोजत असतो. मोजणी संपते तेव्हा एक मेंढरू कमी भरतं. मग तो पुन्हा पहिल्यापासून मोजायला लागतो.

मी विचारायची, "आबा, एक कमी का?"

"कुणीतरी निसटून वर आलंय."

"कोण?"

"त्येच तर त्यो बघायलाय," आबा म्हणायचे आणि माझ्याकडं न बघता काठीनं जमीन ठोकायचे. खालून काहीतरी उत्तर येईल असं मला वाटायचं आणि मी पाय उचलून दगडावर उभी राहायची.

विहीर म्हणजे त्यानं वर बघायला पाडलेलं भोक. मोठ्या माणसानं दोरानं शेंदून भांड्यात ओतून दिलं, तर ते माणसाचं पाणी. पण पोरानं एकट्यानं वाकून घेतलं, तर ते त्याचं. मग तो वर हात करून तुमच्या कानाला खूण करतो. आमच्या प्रत्येक मेंढराच्या कानाला कातरलेली खूण असायची, त्यावरून कुणाचं जनावर ते कळायचं. तशीच ही, फक्त दिसत नाही. एकदा खूण झाली की तुम्ही त्याच्या कळपातले. तो लगेच नेत नाही. मोजता मोजता तुमच्यापर्यंत आला, की हाक मारतो.

हाक कशी असते? तर आडात बुडबुडा फुटतो ना, तशी.

पैठणच्या धरणाचं पाणी आबांनी एकदा लांबून पाहिलं होतं. पलीकडचा काठ दिसला नाही म्हणे. मेंढरं पुढं जायला तयार होईनात. "हे त्याचं दार हाय," एवढंच ते आईला म्हणाले आणि कळप वळवला. धरण बांधताना सगळ्यांनी पाहिलेलं, माणसांनी बांधलेलं. ते आबांनाही माहीत होतं. तरी म्हणाले.

आम्ही भावंडं कधी एकटी विहिरीवर गेलो नाही. आबांचा समुद्र त्याचं काम करत होता.

लेक बोलायला लागली तसा मी तिला तो समुद्र सांगितला. दुसरं काय सांगणार होते? हे पहिल्या पाळीला गेले की खोलीत आम्ही दोघीच. वर तापलेला पत्रा, समोर मोकळा प्लॉट, त्यापलीकडं कंपनीची भिंत. मला पुस्तकातल्या गोष्टी येत नव्हत्या. आबांनी दिलेला एवढा एक समुद्र होता, तो मी पोरीला दिला. तिला तो फार आवडायचा. माझ्यापेक्षा तिचंच डोकं त्यात जास्त चालायचं. त्या मेंढरांची लोकर कोण कातरतं? लाल दिवे विझले तर राखण्याला मोजता येईल का? रॉकेलच्या स्टोचा विस्तव निळा असतो, तर खाली निळे दिवे पण असतील ना? मी म्हणायची, असतील. मग ती अंगणवाडीत जाऊन सांगायची की आमच्या स्टोचे दिवे समुद्रावर आहेत.

त्या उन्हाळ्यात नळाला पाणी येईना झालं. टँकरवर भांडणं व्हायची. शेवटी घरमालकानं समोरच्या प्लॉटात बोअर घ्यायचं ठरवलं. मद्रासकडची मोठी गाडी आली. खडक फोडताना सगळ्या खोल्या थरथरत होत्या, फळीवरची भांडी आपोआप सरकत होती. आधी पांढरी भुकटी उडाली, मग करडी, मग काळी. लेक माझ्या पदराला धरून उभी होती. मग एकदम काळ्या पाण्याचा लोट वर उसळला, गाडीच्याही वर, आणि बाया हसत ओरडत भांडी आणायला पळाल्या.

पाणी नितळल्यावर लेकीनं ओंजळ लावून चाखलं.

"आई, हे खारं हाय."

माझं लक्ष घागरीत. मी म्हणाले, "खारंच असणार. खाली समुद्र हाय ना."

तिनं ओंजळ रिकामी केली. हात फ्रॉकला पुसले, पुन्हा पुसले, आणि घरात गेली.

तिनं पाणी सोडलंय हे मला लगेच कळलं नाही. पेला दिला की ती घ्यायची आणि उंबऱ्यापाशी जाऊन बसायची. पेला रिकामा परत यायचा. मग मला दिसलं, उंबऱ्याबाहेरची एवढीच माती कायम ओली.

"का गं ओततीस?"

"त्याचं हाय."

"अगं, मी दिलंय की भांड्यात. आबा काय म्हणायचे? मोठ्या माणसानं शेंदून दिलं की ते माणसाचं."

"तू शेंदलं नाहीस," ती म्हणाली. "मोटरीनं वर आलं. कुणीच शेंदलं नाही."

मला हसू आलं. मग हसू गेलं. नळाचं देऊन पाहिलं. ते धरणातून येतं हे तिला माहीत होतं आणि धरण म्हणजे त्याचं दार, हेही मीच सांगितलेलं. टँकर मोटरीनंच भरतात. ह्यांनी एका गावातल्या विहिरीचं पाणी सायकलला कॅन बांधून आणलं, तर तिनं विचारलं, "बाबा, कुणी शेंदलं?" हे खरं बोलून बसले, "तिथं पण मोटरच हाय की." कॅन तसाच राहिला. दूध प्यायची, पण मी त्यात पाणी घालते हे तिनं पाहिलं आणि दूधही बंद झालं. कलिंगड आणलं. म्हणाली, वेलानं ते मुळातून प्यालेलं असतं, आणि मुळं कुठं लोंबतात?

मी सांगितलं, समुद्रच नाही. खोटं आहे सगळं, आबांनी पोरांना भिववायला केलेलं.

ती माझ्याकडं अशी बघायला लागली, जणू मीच खोटं बोलतेय.

ह्यांनी आधी थट्टेवारी नेलं. "तुमच्या घराण्यात सगळेच असले दिसत्यात. मेंढरं चारायची सोडून समुद्र चारला." मग दुसऱ्या दिवशी पोरीचे ओठ पाहून त्यांची थट्टा संपली. हेसुद्धा मेंढरंवाल्यांच्याच घरचे. म्हणाले, "मेंढरू पाण्याला तोंड लावत नसलं की आपण काय करतो? मीठ चाटवतो. झक मारत पितं."

आम्हा दोघांनाही त्यात काही चुकतंय असं वाटलं नाही. जन्मभर पाहिलेलं होतं. मीठ चाटवलं की मेंढरं कशी पाण्याकडं धावतात, एकमेकांवर चढतात. मी तिला खारे शेंगदाणे दिले, लोणच्याचा खार लावून भाकरी दिली, पापड भाजला. तिनं आवडीनं खाल्लं. आम्ही दोघं नवरा-बायको पाण्याचा पेला मध्ये ठेवून तिच्या तोंडाकडं बघत बसलो. तिची जीभ ओठांवरून फिरायची, पेल्याकडं डोळे जायचे, आणि मग ती दोन्ही हात मांडीखाली दाबून धरायची. मेंढराला हात नसतात, हे आमच्या डोक्यातच आलं नव्हतं.

त्यानंतर ती झपाट्यानं उतरली. डोळे आत गेले. रडायची, पण पाणी येत नव्हतं. लघवीला जाईना. कातडी चिमटीत धरली तर तशीच उभी राहायची. मी मेंढरांची लेक, उभी कातडी म्हणजे काय ते मला डॉक्टरनं सांगायची गरज नव्हती.

तरी नेलं. डॉक्टर म्हणाले, "संध्याकाळपर्यंत पाणी पोटात गेलं नाही तर थेट घाटीच्या सरकारी दवाखान्यात घेऊन जा. सलाईन लावावं लागेल." लेकीनं विचारलं, सलाईन म्हणजे काय? डॉक्टर बिचारे चांगले होते, पोरीला समजेल असं सांगायला गेले. "काही नाही बाळा, मिठाचं पाणी. हातातून आत सोडतात."

ती ओरडली ती अशी, की बाहेर बसलेली माणसं आत आली. "समुद्र भरणार माझ्यात! समुद्र भरणार!" आवाज घोगरा, फाटलेला. मी तिला उचलून बाहेर आणलं. सुई लावली तर ही ती उपटून काढणार, हे मला दिसत होतं.

घरी आणून तिला उंबऱ्यात घेऊन बसले. भर दुपार होती. लाईट गेलेली, म्हणून बोअरची मोटर बंद, सगळं गप्प. आणि त्या शांततेत मला प्लॉटातून आवाज आला. पाइपात बुडबुडा फुटल्यासारखा. मग थोड्या वेळानं अजून एक. मोटर बंद पडल्यावर पाइपातलं पाणी खाली उतरतं, त्याचा तो आवाज, हे मला आज कळतं. त्या वेळी कळलं नाही. मी लेकीचे दोन्ही कान हातांनी झाकले. ती हाक तिला ऐकू जाऊ नये म्हणून. म्हणजे तोवर मीही त्या समुद्रात उतरले होते. माझ्या स्वतःच्या घशाला कोरड पडली होती आणि शेजारी पाण्याची घागर भरलेली होती, आणि माझा हात घागरीकडं जात नव्हता.

तेवढ्यात खाला आली. उन्हात डोक्यावर ओढणी, तोंडात पान.

"क्या हुआ गे? छोरी के होटां देख, लकड़ी हो गए. पानी नै देती क्या?"

मी काही सांगायच्या आत ती लेकीसमोर फतकल मारून बसली. मला म्हणाली, "तू चुप बैठ. इसकू पूछती मैं." आणि पोरीला विचारलं, "बोल. कायकू नै पीती?"

लेकीनं सगळं सांगितलं. थांबून थांबून, जीभ टाळूला चिकटत होती तरी. छत, मुळं, दिवे, बिनपायाची मेंढरं, एक कमी, कानाची खूण. बोअरचं पाणी तिनं चाखलं होतं, स्वतःच्या ओंजळीनं. म्हणजे खूण झालीच आहे. आता आणखी प्यायली तर त्याला लवकर सापडेल. नाही प्यायली तर मोजताना कदाचित चुकेल.

हे शेवटचं तिनं मला सांगितलं नव्हतं. ती हट्ट करत नव्हती, लपत होती.

मला वाटलं खाला हसेल. ती हसली नाही. पान एका गालातून दुसऱ्या गालात घेतलं आणि विचारलं, "उसकू एकच कम पड़ती?"

"हं."

"और तू उसकी हो गई."

"हं."

खाला उठली. "तो झगड़ा कायका? जानवर है, मालिक है, सौदा कर लेंगे." मग माझ्याकडं वळली. "तुमारे में मेंढी बेचते तो क्या करते?"

मी सांगितलं. मेंढरू विकलं की मालक त्याच्या पाठीवरची चिमूटभर लोकर उपटून आपल्याजवळ ठेवतो, कळपाची बरकत जाऊ नये म्हणून. मग जनावराचा कान घेणाऱ्याच्या हातात देतो. घेणारा आपली खूण करतो. त्यानंतर पहिल्या मालकानं हाक मारली तरी ते जनावर त्याचं नसतं.

"बस," खाला म्हणाली. "चल."

तिनं माझ्या डब्यातली नाही, तिच्याच घरातली बाजरी आणली, ओढणीच्या टोकात. आम्ही तिघी प्लॉटात गेलो. लेकीला मी कडेवर घेतलं होतं, ती अगदी हलकी लागत होती. बोअरच्या लोखंडी पाइपापाशी खाला बसली आणि कमरेच्या किल्ल्यांच्या जुडग्यानं पाइपावर टकटक केलं.

"ओ मेंढरांवाले भाई! सुनते क्या?"

शेजारच्या दोघीतिघी बाया दारात आल्या होत्या. एक फिस्सकन हसली. खालानं वळून पाहिलं आणि म्हणाली, "हंस, हंस. तेरी भी घागर इदरीच भरती." ती बाई आत गेली.

"मैं ये छोरी लेती तुम से. बोलो, देते क्या?"

आणि लाईट आली.

मोटरचं बटण कुणीतरी चालूच ठेवलं होतं. पाइप थरथरला, आतून मोठा गुडगुडाट वर चढत आला आणि बाजूच्या नळीतून पाण्याची चूळ पडली. लेक माझ्या मानेला अशी आवळून बसली की नखं रुतली. मी पळायच्याच बेतात होते. माझ्या मनात एकच, आबा खरं बोलत होते. आपल्या धाकट्या भावाला कुणी नेलं ते आबांना माहीत होतं.

खाला हलली नाही. पान थुंकली, ओठ पुसले. "हौ बोल्या," असं लेकीला म्हणाली, जसं काही पलीकडच्या खोलीतून कुणी होकार दिला. मग बटव्यातला अडकित्ता काढून लेकीच्या मानेवरचे चार केस कातरले, आणि पाइपाच्या झाकणाच्या फटीतून आत सोडले. "ये लो भाई, तुमारी लोकर. तुमारी बरकत तुमारे पास."

मग माझ्याकडं वळून ओढणीचं टोक सोडलं. "पदर कर."

मी पदर पसरला. तिनं त्यात बाजरी ओतली.

"ऊपर की मालकीण तू है. अब तू बोल. बेची?"

पोरं विकायची रीत आमच्यातही आहे. ज्या घरात पोरं जगत नाहीत, तिथं जन्मलेलं पोर शेजारणीला मूठभर धान्यावर विकतात, म्हणजे वाईटाची नजर चुकते. ते बोलायचं असतं, खरं नसतं, हे मला लहानपणापासून माहीत. तरी ते दाणे पदरात पडले आणि मी त्यांच्याकडंच बघत उभी राहिले. विकली म्हटलं आणि ती खरंच गेली तर? नाही म्हटलं तर संध्याकाळी काय?

त्याच वेळी हे पाळीवरून आले. सायकल धरून प्लॉटाच्या कडेला थांबले. "काय चाललंय?" म्हणाले. मग दाणे पाहिले, पोर पाहिली, आणि मेंढरंवाल्याच्या पोराला काही सांगावं लागलं नाही. पायातल्या चपला काढल्या. हळूच म्हणाले, "बोल की. टाक बोलून."

"विकली," मी म्हणाले.

खालानं लेकीचा डावा कान धरला, अगदी हलका. पानाचा लाल अंगठा कानाच्या पाळीला लावला. "ये मेरी खूण. अब कोई बुलाया तो बोलना, मैं खाला की हूँ."

मग त्याच नळीखाली पेला धरला. अर्धा स्वतः प्याली, आमच्या देखत, घोट घोट. उरलेला लेकीपुढं केला. "खाला देती. पी."

लेक पाण्याकडं बघत राहिली. पाइपाकडं बघितलं. मग पाइपाकडंच तोंड करून, फाटक्या आवाजात, पण स्पष्ट म्हणाली, "मी खालाची हाय." आणि पेल्याला तोंड लावलं.

पहिलं पाणी उलटलं. खाला म्हणाली, घाई नको, चमच्यानं दे. चमच्या चमच्यानं ती पुन्हा प्याली. संध्याकाळ व्हायच्या आत तिला लघवी झाली आणि मी मोरीत बसून रडले. हे घाटीत जायला उसनी आणलेली पिशवी हातात घेऊन उभे होते, ती परत देऊन आले.

विकलेली म्हणजे विकलेली. पुढं किती तरी दिवस ती खालाच्याच खोलीत झोपायची. मला दारात जाऊन म्हणावं लागायचं, "खाला, पोरगी देता का जरा? वेणी घालायची हाय." खाला आतून ओरडायची, "किराया लगता गे!" सगळी चाळ हसायची. मीही हसायची. पण पोर परत तिच्याकडं गेली की मला बरं वाटायचं, हेही खरं. माझ्याकडं असली की मी कान देऊन बसायची.

नंतर खालाचा मुलगा तिला घेऊन जुन्या शहरात राहायला गेला. आम्ही अजून इकडंच. त्या बोअरचं पाणी पुढच्या एका दुष्काळात आटलं. मालकानं पुन्हा गाडी आणून आणखी खोल नेलं, तरी नुसती भुकटीच निघाली. बाया म्हणाल्या, पाणी गेलं. माझ्या मनात आलं, राखण्यानं कळप मागं बोलावला. माझ्या लेकीचे चार केस अजून तिथंच खाली आहेत.

लेक आता मोठी झाली आहे. नर्सिंगचं शिकते. पोरांना सलाईन लावते आणि घरी येऊन मला त्याचं हसत सांगते. समुद्राचं काही आठवत नाही म्हणते. पण रस्त्यात मागून कुणी हाक मारली, तर आधी डाव्या कानाला हात लावते, मग वळते. तिला ते माहीत नाही. मी पाहिलंय.

तिच्या लग्नाचं बघायला लागलोय. आणि रीत अशी, की विकलेली पोर हळदीच्या आधी सोडवून आणायची असते. जेवढं धान्य घेतलं तेवढं परत करायचं, वर घेणारीला लुगडं-चोळी आणि बांगड्या. त्याशिवाय ती आपल्या मांडवात आपली म्हणून उभी राहू शकत नाही. खाला म्हातारी झालीय. परवा भेटले तर म्हणाली, "कब ले जाती गे तेरी छोरी? मैं मर गई तो किस से लेगी? और मेरी बाजरी पुरानी थी, तू नई लाना."

मी हसले आणि विषय बदलला. कारण सोडवून आणली की ती पुन्हा माझी. आणि माझी असताना काय झालं होतं, ते मी विसरलेले नाही. हे म्हणतात, "बाई, बोअर आटलं, आबा गेले, आता कोण मोजायला बसलंय?" त्यांचं बरोबर असेल. तरी मांडवात हांडे भरताना मी कुठल्या पाण्यानं भरायचे, हा विचार माझ्या डोक्यात आतापासून फिरतो. यावर मी मनाशी एक ठरवलंय. कंधारला भावाच्या रानात जुनी विहीर आहे, रहाट अजून शाबूत आहे. तिथलं पाणी मी स्वतः शेंदीन. हांडे त्याच पाण्याचे.

बाजरी भावानं यंदा राखून ठेवली आहे, नवी, भरलेली. खाला, मी येईन. लुगडं तुझ्या पसंतीचं, बांगड्या तुझ्या मोहल्ल्यातल्या, आणि दाणे माझ्या पदरातून तुझ्या ओढणीत मीच ओतीन. तू तोवर दम धर. आणि तोवर तिला कुणी हाक मारलीच, तर ती तुझी आहे.